नाताळाच्या आठवड्यात गेम घेताना : घाई कुठे करायची, कुठे नाही

२० डिसेंबर ते ५ जानेवारीच्या आसपास व्हिडिओ गेमच्या ऑनलाइन दुकानांत वर्षातली सगळ्यात मोठी गर्दी असते. या दिवसांत पुन्हापुन्हा येणारे प्रश्न आणि त्यांची उत्तरं खाली दिली आहेत. दुसरा देश सांगितलेला नसेल तिथे वेळ भारतीय समजावी.

स्टीमचा हिवाळी सेल नेमका कधी सुरू होतो?

स्टीम हे पीसीवरच्या गेमचं ऑनलाइन दुकान. त्याचा हिवाळी सेल गेल्या काही वर्षांत नाताळाच्या आधीच्या गुरुवारी सुरू झाला आहे. २०२३ मध्ये २१ डिसेंबर ते ४ जानेवारी, २०२४ मध्ये १९ डिसेंबर ते २ जानेवारी आणि २०२५ मध्ये १८ डिसेंबर ते ५ जानेवारी. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर सकाळचे १० वाजले की सेल उघडतो, म्हणजे आपल्याकडे रात्रीचे साडेअकरा. संपतो तोही त्याच वेळी. त्यामुळे 'शेवटची तारीख ५ जानेवारी' असेल तर ५ तारखेची संध्याकाळ आपल्या हातात असते.

पहिला तासभर दुकानाची पानं अडकतात, कार्ट रिकामी दिसते, पैसे भरताना एरर येते. हे दरवर्षी होतं. त्या तासात खरेदी करू नका, सकाळी उठून करा. किंमत तीच असते.

पहिल्या रात्री नाही घेतला तर भाव वाढेल का? आणि शेवटच्या दिवशी आणखी उतरेल का?

दोन्हींचं उत्तर नाही. २०१५ पर्यंत स्टीमवर काही तासांच्या 'फ्लॅश डील' असायच्या. सकाळी ५० टक्के सूट असलेला गेम संध्याकाळी ७५ टक्क्यांवर यायचा आणि लोक दर काही तासांनी पान उघडून बघायचे. त्याच वर्षी जूनमध्ये रिफंड सुरू झाले आणि वर्षाच्या शेवटी फ्लॅश डील बंद झाल्या. आता गेमवर जी सूट पहिल्या दिवशी लागते तीच शेवटपर्यंत राहते. डिजिटल माल संपतही नाही. एखाद्या प्रकाशकाने आपली सूट सेल संपण्याच्या आधीच थांबवायची ठरवली असेल तर गेमच्या पानावर किमतीजवळ तारीख लिहिलेली असते. तेवढी वाचा.

याचा सरळ उपयोग असा, की पाच गेम घ्यायचे असतील तर पाचही एका रात्रीत घेऊ नका. एक घ्या, दीड तास खेळा, पटला तर ठेवा, नाही तर परत करा (त्याचे नियम खाली आहेत), मग दुसरा घ्या. सेल निदान दोन आठवडे चालतो आणि रिफंडची मुदत प्रत्येक गेमला वेगळी मिळते. एका रात्रीत दहा गेम घेतले तर दहांची मुदत एकदम सुरू होते, आणि त्यातले सात उघडूनही न बघता ती संपते. बहुतेकांचे पैसे वाया जातात ते इथेच.

'७५ टक्के सूट' खरी आहे की आधी किंमत वाढवून मग कमी केलेली?

स्टीमवर हे सहसा करता येत नाही. कुठल्याही चलनात किंमत वाढवली की पुढचे ३० दिवस त्या गेमला सूट देता येत नाही, आणि सूट चालू असताना किंमत वाढवता येत नाही. पण मूळ किंमत चार महिन्यांपूर्वी वाढवली असेल तर ते नियमात बसतं. म्हणून टक्का बघू नका, रुपये बघा. स्टीमडीबी या संकेतस्थळावर गेमचं नाव टाका, चलन भारतीय रुपया निवडा, आणि आलेखात आजवरची सगळ्यात कमी किंमत शोधा. डॉलरमधली नीचांकी किंमत आपल्या कामाची नाही. २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये व्हॉल्व्हने (स्टीम चालवणाऱ्या कंपनीने) प्रकाशकांना सुचवलेल्या देशनिहाय किमती बदलल्या. त्यानंतर बऱ्याच गेमच्या रुपयातल्या मूळ किमती वर गेल्या, त्यामुळे २०२१ ची नीचांकी किंमत परत येण्याची वाट बघण्यात अनेकदा अर्थ नसतो.

बंडलही (एकत्र विकले जाणारे गेम) तपासा. स्टीमवर बंडलची सूट प्रत्येक गेमच्या सेलमधल्या सुटीच्या वर लागते, आणि तुमच्याकडे आधीच असलेल्या गेमची किंमत त्यातून वजा होते. मूळ गेम आणि दोन डीएलसी (मूळ गेमला जोडायचे जास्तीचे भाग) वेगवेगळे घेण्यापेक्षा तिन्हींचं बंडल स्वस्त पडलेलं अनेकदा दिसतं. गेमचं पान खाली सरकवल्याशिवाय ते दिसत नाही.

डिसेंबरमध्ये आलेला नवा गेम सेलमध्ये का नसतो?

बाजारात आल्यावर पहिले ३० दिवस, सुरुवातीची 'लाँच' सूट सोडली, तर स्टीमवर दुसरी सूट देता येत नाही. म्हणजे साधारण २० नोव्हेंबरनंतर आलेला गेम हिवाळी सेलमध्ये पूर्ण किमतीलाच दिसणार. त्याची वाट बघायची तर पुढच्या मोठ्या सेलपर्यंत बघावी लागते.

प्रत्यक्ष नाताळाच्या आठवड्यात मोठे गेम जवळजवळ येतच नाहीत. भेटवस्तूंची खरेदी आधीच झालेली असते, म्हणून मोठी नावं ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये उतरतात. डिसेंबरचा पहिला पंधरवडा ही शेवटची खिडकी. 'इंडियाना जोन्स अँड द ग्रेट सर्कल' ९ डिसेंबर २०२४ ला आला, 'मेट्रॉइड प्राइम ४' हा ४ डिसेंबर २०२५ ला. त्यानंतर स्टुडिओ सुट्टीवर जातात. गेममध्ये बिघाड निघाला तर दुरुस्त करायला माणूस जागेवर नसतो, आणि हेच या आठवड्यात नवा गेम न आणण्याचं सगळ्यात मोठं कारण आहे.

मग डिसेंबरच्या सुरुवातीचा नवा गेम सुट्टीसाठी पूर्ण किमतीत घ्यावा का?

आमचं मत : निदान पहिला आठवडा थांबा. 'सायबरपंक २०७७' चं उदाहरण पुरेसं आहे. तो १० डिसेंबर २०२० ला आला. पीएस४ (सोनीचा प्लेस्टेशन ४ कन्सोल) आणि जुन्या एक्सबॉक्सवर त्याची अवस्था इतकी वाईट होती की १८ डिसेंबरला सोनीने तो प्लेस्टेशन स्टोअरवरून काढून टाकला आणि पैसे परत द्यायला सुरुवात केली. तो परत आला २१ जून २०२१ ला. तरीही परत केलेल्या प्रती वजा जाता २० डिसेंबरपर्यंत १ कोटी ३० लाखांवर प्रती विकल्या गेल्या होत्या. विक्रीच्या आकड्यावरून गेम कसा चालतो ते कळत नाही. आपल्याच यंत्रावरचे लोक काय लिहितात ते वाचा. पीसीवर चांगला म्हणजे पीएस४ वर चांगला, असं धरू नका.

आगाऊ खेळायला मिळणाऱ्या महागड्या आवृत्त्यांबद्दल एक नियम लक्षात ठेवा. एप्रिल २०२४ पासून स्टीमवर त्या आगाऊ दिवसांत खेळलेला वेळही रिफंडच्या दोन तासांत मोजला जातो.

रिफंडचे नियम नीट सांगा.

स्टीमवर खरेदीपासून १४ दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळलेलं असेल तर पैसे परत मिळतात, कारण काहीही असो. दोन्ही अटी एकदम लागू होतात. १९ तारखेला घेऊन २ जानेवारीनंतर पहिल्यांदा उघडला, तर दहा मिनिटं खेळलेला असूनही मुदत गेलेली असते.

दोन तास कसे मोजले जातात, यात लोक फसतात. गेमची प्रक्रिया चालू आहे तोवर घड्याळ चालू. प्रकाशकाचा वेगळा लाँचर (गेम सुरू करणारा प्रोग्रॅम) उघडला, त्यात खातं तयार करण्यात वीस मिनिटं गेली, तर ती धरली जातात. काही गेम पहिल्यांदा उघडल्यावर शेडर (ग्राफिक्ससाठी लागणारे छोटे प्रोग्रॅम) तयार करत बसतात, जुन्या प्रोसेसरवर पंधरा-वीस मिनिटं सहज जातात, तीही धरली जातात. मेन्यू उघडा ठेवून जेवायला गेलात तरी तेच. म्हणून पहिल्यांदा उघडताना वेळ हातात ठेवा, आधी ग्राफिक्सच्या सेटिंग बसवा, ज्या भागात गर्दी किंवा मारामारी आहे तिथवर पोचा, आणि दीड तासाला थांबून निर्णय घ्या. लायब्ररीत गेमच्या नावाखाली खेळलेला वेळ दिसतो.

डीएलसी परत करताना, ती घेतल्यानंतर मूळ गेम दोन तासांपेक्षा कमी खेळलेला हवा आणि डीएलसी वापरून संपलेली नसावी. बंडलमध्ये सगळ्या गेमचे तास मिळून दोनच्या आत हवेत. भेट दिलेला गेम समोरच्याने स्वीकारला असेल तर रिफंड त्यानेच मागायचा, पैसे मात्र देणाऱ्याकडे जातात.

सेलच्या चार दिवस आधी पूर्ण किमतीत घेतला असेल तर तो परत करून सेलच्या भावात पुन्हा घ्यायला हरकत नाही. स्टीमच्या धोरणातच लिहिलं आहे की हा गैरवापर धरला जात नाही. दोन तासांची अट तिथेही लागू आहे.

एपिक या दुसऱ्या ऑनलाइन दुकानातही बहुतेक गेमना १४ दिवस आणि दोन तास हीच मर्यादा आहे. जीओजी या दुकानात ३० दिवस मिळतात, खेळलेला असला तरी. तिथल्या उदारपणाचा गैरफायदा घेऊ नये, ही आमची मनापासून विनंती.

प्लेस्टेशनवरही दोन तास खेळून परत करता येतो ना?

नाही. या गैरसमजामुळे सगळ्यात जास्त पैसे अडकतात. प्लेस्टेशन स्टोअरवर १४ दिवस मिळतात, पण डाउनलोड किंवा स्ट्रीमिंग सुरू केलेलं नसेल तरच. एकदा डाउनलोड सुरू झालं की खेळला नसला तरी हक्क जातो, अपवाद फक्त सदोष गेमचा. फोनवरच्या अॅपमधून घेतलं आणि घरचा कन्सोल रेस्ट मोडमध्ये आपोआप डाउनलोड करायला लागला, तरी तेच. सेलमध्ये खरेदी करण्यापूर्वी कन्सोलवरचं आपोआप डाउनलोड आणि इन्स्टॉल बंद करून ठेवा. डेमो असेल तर आधी डेमो खेळा.

पैसे कापले गेले पण गेम आला नाही. काय करू?

पुन्हा पैसे भरू नका. स्टीमच्या अकाउंट डिटेल्समध्ये खरेदीचा इतिहास उघडा. तिथे व्यवहार 'पेंडिंग' दिसत असेल तर तो पूर्ण किंवा रद्द होईपर्यंत दुसरी खरेदी अडते. सेलच्या पहिल्या रात्री यूपीआय आणि नेट बँकिंगला उशीर लागतो. काही तासांत बहुतेक व्यवहार सुटतात. नाही सुटला तर व्यवहार क्रमांकासह स्टीम सपोर्टला लिहा, सोबत बँकेच्या अॅपमधली नोंद जोडा.

कार्ड लगेच नाकारलं जात असेल तर बँकेच्या अॅपमध्ये 'आंतरराष्ट्रीय व्यवहार' आणि 'ऑनलाइन व्यवहार' ही दोन्ही बटणं बघा. रिझर्व्ह बँकेच्या २०२० च्या नियमानंतर नव्या कार्डांवर ही सोय मुळात बंद असते. चालू करताना मर्यादाही घाला, सेल संपला की पुन्हा बंद करा.

रिफंड मंजूर झाल्यावर मूळ मार्गाने पैसे यायला साधारण आठवडा लागतो, कधी जास्त. त्याच सेलमध्ये ते पुन्हा वापरायचे असतील तर रिफंड स्टीम वॉलेटमध्ये (स्टीमवरच्या तुमच्या शिलकीत) मागा. पण वॉलेटमधून पैसे परत बँकेत काढता येत नाहीत.

एपिकचे फुकट गेम कसे मिळवायचे?

या आठवड्यात खरी घाई करावी लागते ती इथेच. एरवी एपिकचा फुकट गेम दर गुरुवारी बदलतो. नाताळाच्या सुमारास काही दिवस तो रोज बदलतो, हिवाळ्यात रात्री साडेनऊला. २०२४ मध्ये १२ डिसेंबरपासून आठवडाभर 'रिटर्न टू मोरिया' होता आणि १९ तारखेला 'व्हॅम्पायर सर्व्हायव्हर्स' पासून रोजची रांग सुरू झाली. एक दिवस चुकला की तो गेम गेला.

डाउनलोड करायची गरज नाही. फोनच्या ब्राउझरमधून एपिकच्या संकेतस्थळावर शिरा, गेमच्या पानावर 'गेट' दाबा, किंमत शून्य दिसते ना ते बघा आणि ऑर्डर पूर्ण करा. गेम कायमचा खात्यात राहतो. दोन टप्प्यांची पडताळणी आधीच चालू करा, कारण ऐन वेळी ती मागितली गेली आणि ईमेल उशिरा आला तर हात बांधले जातात. रोज रात्री दहाचा गजर लावलेला बरा.

बाहेरच्या संकेतस्थळावर तोच गेम निम्म्या किमतीत आहे. घ्यावा का?

प्रकाशकाकडून थेट 'की' (गेम खात्यात उघडणारा कोड) घेऊन विकणारी अधिकृत दुकानं आहेत, उदाहरणार्थ हंबल, फॅनॅटिकल, ग्रीन मॅन गेमिंग. तिथून घ्यायला हरकत नाही. कुणीही की विकू शकतं अशा बाजारांपासून लांब राहा. तिथल्या काही की चोरलेल्या कार्डावर घेतलेल्या असतात आणि मागाहून रद्द होतात, काही दुसऱ्या देशापुरत्या बांधलेल्या असतात आणि भारतात चालतच नाहीत. बाहेरून घेतलेल्या कीवर स्टीम रिफंड देत नाही. आणि मित्राच्या खात्यावरून 'सेलचं फुकट गिफ्ट कार्ड' अशी लिंक आली तर ते खातं हॅक झालेलं समजा. ती उघडू नका, कुठलाही क्यूआर कोड स्कॅन करू नका.

अमेरिकेतल्या मामाला नाशिकच्या भाच्याला गेम भेट द्यायचा आहे. जमेल?

गेम म्हणून पाठवताना अडचण येऊ शकते. दोन देशांतल्या किमतीत मोठी तफावत असेल तर स्टीम ती भेट अडवतं. सोपा मार्ग डिजिटल गिफ्ट कार्डाचा. रक्कम भाच्याच्या वॉलेटमध्ये रुपयांत जमा होते आणि तो इथल्या किमतीत गेम घेतो. अट एकच : दोघं स्टीमवर किमान तीन दिवस मित्र असायला हवेत. २४ तारखेला फ्रेंड रिक्वेस्ट पाठवून २५ ला कार्ड जाणार नाही. शिवाय भाच्याचं खातं अगदी नवं असेल आणि त्यावर ५ डॉलर इतकाही खर्च झालेला नसेल तर ते मर्यादित असतं, त्याला स्वतः रिक्वेस्ट पाठवता येत नाही. तेव्हा ती मामानेच पाठवावी.

देशातल्या देशात गेम भेट द्यायचा असेल तर सेलमध्ये घेऊन पोचवण्याची तारीख पुढची टाकता येते. जानेवारीतल्या वाढदिवसाची भेट डिसेंबरच्या भावात होते.

१०० जीबीचा गेम किती वेळात उतरेल?

१०० एमबीपीएस म्हणजे सेकंदाला १२.५ मेगाबाइट. १०० जीबीला साधारण सव्वादोन तास, तेही लाइन पूर्ण वेगाने चालली तर. ४० एमबीपीएसवर साडेपाच तास. वेग मधेच शून्यावर येत असेल तर अनेकदा नेटचा दोष नसतो. स्टीम फायली दाबून पाठवतं आणि त्या उलगडताना जुनी हार्ड डिस्क दमते. डाउनलोडच्या आलेखात डिस्कची रेषा वर आणि नेटची खाली असेल तर तेच कारण. गेम एसएसडीवर (जलद डिस्कवर) उतरवा आणि गेमच्या आकाराहून थोडी जास्त जागा मोकळी ठेवा. गर्दीच्या रात्री सेटिंगमधून डाउनलोडचं शहर बदलून बघा.

घरात किंवा वसतिगृहात दुसऱ्याच्या पीसीवर तोच गेम असेल तर नेट वापरूच नका. २०२३ पासून स्टीममध्ये स्थानिक नेटवर्कवरून गेम घेण्याची सोय आहे. दोन्ही पीसी एकाच राउटरवर, दोन्हीकडे स्टीम चालू, आणि डाउनलोडच्या सेटिंगमध्ये परवानगी दिलेली हवी. राउटरला केबल लावली तर वायफायपेक्षा कितीतरी जलद होतं.

मुलांसाठी कन्सोल आणला आहे. २५ तारखेलाच उघडू का?

आधी उघडा, तयार करा, मग पुन्हा खोक्यात ठेवा. २५ डिसेंबरला जगभरातले नवे कन्सोल एकदम जोडले जातात. २०१३ मध्ये त्या गर्दीत निन्टेन्डोची सेवा कोलमडली होती. २०१४ च्या नाताळात हॅकरांच्या हल्ल्यामुळे प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्स दोन्ही सेवा बंद पडल्या. २५ डिसेंबर २०१५ ला स्टीमवर हल्ल्याला तोंड देताना कॅशेची (तयार पानं साठवून दाखवणाऱ्या यंत्रणेची) मांडणी चुकली, आणि दीड तास लोकांना दुसऱ्यांच्या खात्याची पानं दिसत होती. व्हॉल्व्हच्या म्हणण्यानुसार सुमारे ३४,००० जणांना त्याचा फटका बसला.

तेव्हा २३ तारखेपर्यंत सिस्टिम अपडेट, खातं, मुलाचं उपखातं, खर्चाची मर्यादा आणि निदान एक गेम पूर्ण इन्स्टॉल करून ठेवा. पीएस५ ला वेगळा डिस्क ड्राइव्ह जोडणार असाल तर पहिल्या जोडणीला इंटरनेट लागतं. निन्टेन्डोच्या स्विच २ कन्सोलच्या काही गेमच्या खोक्यांत 'गेम-की कार्ड' असतं. त्यात गेम नसतो, फक्त परवाना असतो, गेम उतरवावाच लागतो. निन्टेन्डोचं भारतासाठी ईशॉप (ऑनलाइन दुकान) नाही, त्यामुळे खातं दुसऱ्या देशाचं करावं लागतं आणि आपलं कार्ड तिथे चालेलच असं नाही.

२०२५ च्या ऑनलाइन गेमिंग कायद्यामुळे यातलं काही बंद झालं का?

नाही. तो कायदा पैसे लावून खेळायच्या खेळांवर बंदी घालतो. गेम विकत घेऊन खेळणं त्यात येत नाही.

आम्ही पुण्यात छोटा गेम बनवतोय. नाताळाच्या आठवड्यात स्टीमवर आणू का?

आणू नका. पहिल्या पानावर सगळ्या जगाचे जुने, गाजलेले गेम निम्म्या किमतीत मांडलेले असतात. त्यात नवं नाव बुडतं. पुण्याच्याच नॉडिंग हेड्स गेम्सचा 'राजी' पीसीवर आला तो १५ ऑक्टोबर २०२० ला, हे बघून ठेवा.

कागदी वेळापत्रकही जमत नाही. स्टीमवर गेम आणायचं १०० डॉलर शुल्क भरल्यापासून ३० दिवस थांबावं लागतं, 'लवकरच येत आहे' हे पान किमान दोन आठवडे उघडं हवं, आणि पान व बिल्ड (प्रत्यक्ष गेमच्या फायली) दोन्हींच्या तपासणीला कामाचे काही दिवस जातात. डिसेंबरच्या शेवटी तसे कामाचे दिवसच कमी असतात.

गेम आधीच विक्रीला असेल तर मात्र हिवाळी सेल चुकवू नका. सेलसाठी नोंदणीची मुदत बरीच आधी संपते, ती स्टीमवर्क्समध्ये (गेम विकणाऱ्यांसाठीच्या स्टीमच्या पानांवर) बघा. सूट २० टक्के किंवा त्याहून जास्त ठेवा, कारण विशलिस्टमध्ये (हव्या असलेल्या गेमच्या यादीत) गेम ठेवलेल्यांना ईमेल तेवढ्या सुटीपासूनच जातो. १५ टक्के ठेवलेत तर सूट दिलीत हे त्यांना कळतही नाही.